चेपॉकवरचे तेरा बळी

१५१, ८०, ११३, ६१.

१९७२-७३ च्या मोसमातल्या रणजी करंडक अंतिम सामन्याचे हे चार डाव. मुंबई १५१, तमिळनाडू ८०, मुंबई ११३, तमिळनाडू ६१. मद्रासच्या चेपॉक मैदानावर मुंबईने हा सामना १२३ धावांनी जिंकला आणि सलग पंधराव्या वर्षी करंडक घरी नेला. तिसऱ्या दिवशी टाकावा लागला तो एकच चेंडू. त्यावर शेवटची विकेट पडली आणि खेळ संपला. चार डावांच्या मिळून धावा झाल्या ४०५. चांगल्या खेळपट्टीवर एवढ्या धावा एकच संघ एका डावात काढतो. आणि मुंबईच्या पद्माकर शिवलकरांनी पहिल्या डावात १६ धावांत ८, दुसऱ्या डावात १८ धावांत ५ बळी घेतले. सामन्यात ३४ धावांत १३.

मी स्कोअरर आहे. गिरगावातल्या चाळीत वाढलो, आझाद मैदानावर ऑफिसच्या संघाचं स्कोअरबुक लिहायला शिकलो आणि विमा कंपनीच्या बदलीने मद्रासला आलो तो इथलाच झालो. ट्रिप्लिकेनला राहतो. इथले लोक त्या भागाला तिरुवल्लिकेणी म्हणतात. घरातून निघून बेल्स रोडला लागलं की चेपॉकचे दिव्यांचे खांब दिसतात. इथल्या लीगच्या सामन्यांना मी अजून टेबलावर बसतो. स्कोअररला सामना कसा दिसतो, तर चेंडूचेंडूने. टाळ्या वाजत असताना त्याची मान खाली असते, कारण त्याला चौकटीत ठिपका मांडायचा असतो. म्हणून गोष्ट सांगायची झाली तर मी माणसांच्या आठवणींपेक्षा आकड्यांच्या बाजूने सांगतो. १९७३ सालच्या या सामन्याबद्दल मला जे म्हणायचं आहे तेही आकड्यांतूनच सुचलेलं आहे.

राज्याराज्यांमधल्या क्रिकेटची सुरुवात याच मैदानावर झाली. पुढे रणजी करंडक म्हणून ओळखल्या गेलेल्या स्पर्धेचा पहिला सामना ४ नोव्हेंबर १९३४ रोजी चेपॉकवर मद्रास आणि म्हैसूर यांच्यात झाला. पहिला चेंडू टाकला एम. जे. गोपालन यांनी. म्हैसूरचे डाव ४८ आणि ५९ धावांत आटोपले, मद्रासने १३० केल्या, आणि एका दिवसात मद्रास एक डाव व २३ धावांनी जिंकलं. ए. जी. राम सिंग यांनी पहिल्या डावात १९ धावांत ६ आणि दुसऱ्या डावात १६ धावांत ५ बळी घेतले. सामन्यात ३५ धावांत ११. राम सिंग डावखुरे फिरकी गोलंदाज होते.

त्याआधीही चेपॉकला निर्णायक सामन्यांची सवय होती. मद्रास क्रिकेट क्लब १८४६ सालचा. पहिल्या महायुद्धाच्या काळापासून इथे दरवर्षी पोंगलच्या दिवसांत युरोपियन आणि भारतीय यांच्यात सामना रंगायचा. आपल्याकडे मुंबईत जिमखान्यांच्या चौरंगी-पंचरंगी सामन्यांना गर्दी लोटायची, तशी इथे पोंगलच्या सामन्याला. रणजी करंडकाने या मांडणीत मोठा फरक केला. धर्म आणि वंश यांच्या नावाने उभे राहणारे संघ मागे पडले आणि प्रांताच्या नावाने उभे राहणारे संघ पुढे आले. कोण कोणाच्या बाजूने खेळतो हे आता तो कुठे राहतो, कुठे खेळतो यावरून ठरू लागलं. भारतीय क्रिकेटच्या इतिहासातला हा सर्वांत चांगला बदल होता असं मी मानतो.

१९५२ च्या फेब्रुवारीत याच मैदानावर भारताने पहिली कसोटी जिंकली. इंग्लंडचा एक डाव आणि ८ धावांनी पराभव झाला. कर्णधार होते सांगलीचे विजय हजारे. विनू मांकड यांनी ५५ धावांत ८ आणि ५३ धावांत ४ बळी घेतले. सामन्यात १०८ धावांत १२. मांकडही डावखुरे फिरकी गोलंदाज.

१९३४ साली ११, १९५२ साली १२, १९७३ साली १३. तिन्ही वेळा चेपॉक, तिन्ही वेळा डावखुरी फिरकी. या तिघांपैकी फक्त मांकड यांना कसोटी क्रिकेट मिळालं. राम सिंग अधिकृत कसोटी कधीच खेळले नाहीत. त्यांचे मुलगे कृपाल सिंग आणि मिल्खा सिंग भारताकडून खेळले. कृपाल यांनी तर पहिल्याच कसोटीत शतक काढलं. शिवलकरही कसोटी खेळले नाहीत. ही तीन नावं मला एकाच रांगेत बसलेली दिसतात. कसोटीची टोपी कोणाच्या डोक्यावर होती आणि कोणाच्या नव्हती यामुळे त्या रांगेतला क्रम बदलत नाही.

मुंबईच्या त्या पंधरा वर्षांबद्दल थोडं सविस्तर सांगायला हवं, कारण तमिळनाडूसमोर उभी होती ती अकरा माणसांच्या मागची एक सबंध व्यवस्था.

१९५८-५९ ते १९७२-७३ मुंबई एकदाही रणजी हरली नाही. याचं कारण चांगले खेळाडू जन्माला आले एवढंच असतं, तर १९७०-७१ साली साखळी तुटायला हवी होती. त्या वर्षी वाडेकर, सरदेसाई, गावसकर, सोलकर आणि अशोक मांकड हे पाचही जण भारतीय संघाबरोबर वेस्ट इंडिजला होते. सुधीर नाईकांच्या नेतृत्वाखाली उरलेल्या मुंबईने अंतिम सामन्यात महाराष्ट्राला हरवलं. पाच जण गेले की मागे पाच जण तयार असायचे. ते तयार व्हायचे शाळांच्या हॅरिस आणि गाइल्स ढालीच्या सामन्यांत, ऑफिसांच्या टाइम्स शील्डमध्ये, आणि सगळ्यात जास्त कांगा लीगमध्ये.

कांगा लीग १९४८ साली सुरू झाली. ती भर पावसाळ्यात खेळतात. मी तिथे स्कोअरबुक लिहिलंय. मेणकापडाच्या तंबूत टेबल असायचं आणि वरून एखादी धार नेमकी वहीवर यायची. शाई पसरते म्हणून आम्ही पेन्सिलच वापरायचो. खेळपट्टी उघडी. रात्रभर पाऊस, सकाळी तासभर ऊन, आणि मग खेळ. एक चेंडू गुडघ्याखालून जातो, पुढचा छातीवर उसळतो, तिसरा टप्पा पडून थांबून येतो. अशा ठिकाणी पंचवीस धावा करणाऱ्या फलंदाजाला मैदानावरची जाणती माणसं शतक केल्यासारखी दाद द्यायची. आणि गोलंदाजाकडून त्यांची एकच अपेक्षा असायची: खेळपट्टी मदत करते आहे म्हणून भलतंसलतं काही करू नकोस, टप्पा सोडू नकोस.

या मैदानांनीच मुंबईचे क्रिकेटपटू खडूस केले. विकेट फेकायची नाही, धाव फुकट द्यायची नाही, सामना संपेपर्यंत तो जिंकला असं मानायचं नाही. १९७३ साली मुंबईचा कर्णधार होता अजित वाडेकर. दोन वर्षांपूर्वी त्याच्याच नेतृत्वाखाली भारताने वेस्ट इंडिज आणि इंग्लंडला त्यांच्या घरी हरवलं होतं. दिलीप सरदेसाई हा मूळचा मडगावचा. मुंबईकडून तो दहा रणजी अंतिम सामने खेळला आणि रणजीतला एकही सामना हरला नाही. हा त्याचा शेवटचा मोसम होता. एकनाथ सोलकर हा हिंदू जिमखान्याच्या माळ्याचा मुलगा. मैदानाच्या कडेला राहून खेळ शिकलेला, आणि शॉर्ट लेगला उभा राहिला की फलंदाजाच्या बॅटला हात लागेल इतक्या जवळ. २७ कसोटींत ५३ झेल घेणारा हा माणूस शिवलकरांच्या गोलंदाजीचा अर्धा भागीदार होता.

आता समोरची बाजू. मद्रासकडे बघताना मुंबईकरांची एक खोड मला इथे राहायला आल्यावर जाणवली. हरलेल्या संघाची नावं आपण विसरतो.

मद्रासने १९५४-५५ साली इंदूरमध्ये होळकर संघाला हरवून रणजी जिंकली होती. १९६७-६८ च्या अंतिम सामन्यात ते मुंबईत मुंबईशीच खेळले आणि पहिल्या डावातल्या पिछाडीमुळे करंडक हुकला. पुढे राज्याचं नाव बदललं, संघ तमिळनाडू झाला, आणि १९७३ मध्ये त्यांना पुन्हा मुंबईच भेटली, पण या वेळी आपल्या घरी. कर्णधार एस. वेंकटराघवन, त्या काळच्या भारतीय फिरकी चौकडीतला ऑफस्पिनर. त्याच्या जोडीला व्ही. व्ही. कुमार. लेगस्पिनर. १९६१ साली दिल्लीत पाकिस्तानविरुद्ध पहिल्याच कसोटीत त्यांनी ६४ धावांत ५ बळी घेतले. त्यानंतर आणखी एकच कसोटी त्यांच्या वाट्याला आली. प्रथम श्रेणीत त्यांचे बळी ५९९. शिवलकरांचे ५८९. त्या सामन्यात समोरासमोर उभ्या असलेल्या या दोघांच्या कारकिर्दीतले बळी मिळून ११८८ होतात, आणि कसोटी सामने मिळून दोन.

आणि बी. कल्याणसुंदरम. इथे माझ्या शेजारच्या टेबलावर बसणारे एक वयस्क तमिळ स्कोअरर आहेत. या सामन्याचा विषय निघाला की ते हातातली कॉफी खाली ठेवतात आणि म्हणतात, “सार, हॅटट्रिक आमच्या माणसाची होती.” खरंच होती. मध्यमगती कल्याणसुंदरम यांनी याच सामन्यात लागोपाठ तीन चेंडूंवर तीन बळी घेतले. रणजी करंडकाच्या अंतिम सामन्यातली ती पहिली हॅटट्रिक. दुसरी व्हायला चाळीसहून जास्त वर्षं जावी लागली. २०१७-१८ मध्ये इंदूरला विदर्भाच्या रजनीश गुरबानीने दिल्लीविरुद्ध ती घेतली आणि विदर्भाने पहिल्यांदा करंडक जिंकला. त्या दिवशी बातम्यांमधून कल्याणसुंदरम यांचं नाव पुन्हा छापून आलं. माझ्या शेजाऱ्यांना त्याचा झालेला आनंद मी पाहिला आहे. जवळजवळ अर्ध्या शतकानंतर एखाद्याचं नाव योग्य जागी येतं तेव्हा स्कोअररला जे वाटतं ते फक्त दुसऱ्या स्कोअररला कळतं.

म्हणजे हा सामना एकतर्फी नव्हता. १५१ आणि ११३ ही काही राज्य करणाऱ्या संघाची धावसंख्या नाही. गावसकर, वाडेकर, सरदेसाई, सोलकर असलेल्या मुंबईला तमिळनाडूच्या गोलंदाजांनी दोन डावांत २६४ मध्ये बांधून ठेवलं. तमिळनाडूला शेवटच्या डावात जिंकायला १८५ हवे होते. एरवी ही धावसंख्या कोणालाही भीती घालत नाही. त्या खेळपट्टीवर मात्र ती डोंगराएवढी होती, कारण तोवर एकाही संघाने एका डावात तेवढ्या केल्या नव्हत्या.

सामना कुठे ठरला, तर पहिल्या डावातल्या फरकावर. मुंबई १५१, तमिळनाडू ८०. एकाहत्तर धावांची आघाडी. ज्या सामन्यात एक डाव सरासरी शंभर धावांचा होतो, तिथे एकाहत्तर म्हणजे पाऊण डाव. आणि ही आघाडी मिळवून दिली शिवलकरांच्या १६ धावांतल्या ८ बळींनी. कारकिर्दीतली त्यांची ही सर्वोत्तम कामगिरी. दुसऱ्या डावात त्यांना सोलकरची साथ मिळाली: शिवलकर १८ धावांत ५, सोलकर २३ धावांत ५. तमिळनाडूच्या वीसपैकी अठरा विकेट या दोघांनी काढल्या.

“खेळपट्टीच तशी होती,” असं या सामन्याबद्दल नेहमी म्हटलं जातं. खेळपट्टी फिरकीला साथ देणारी होती यात शंका नाही. पण खेळपट्टी दोन्ही संघांना सारखी असते. भारताच्या कसोटी संघातला ऑफस्पिनर आणि देशातला सर्वोत्तम लेगस्पिनर ज्या बाजूला होते, त्या बाजूला ती जास्त फळायला हवी होती. तसं झालं नाही. एका संघाने त्या खेळपट्टीवर २६४ धावा काढल्या, दुसऱ्याने १४१. फरक खेळपट्टीतून येत नाही. तो गोलंदाजाच्या हातातून येतो.

डावखुऱ्या फिरकीचं गणित साधं आहे. उजव्या हाताच्या फलंदाजासाठी चेंडू हवेत आत येतो आणि टप्पा पडल्यावर बाहेर वळतो. वळणाऱ्या खेळपट्टीवर गोलंदाजाला मोह होतो की अजून वळवावा, अजून हळू टाकावा, अजून उंची द्यावी. चेंडू हातभर वळतो, फलंदाज हुकतो, प्रेक्षक हळहळतात. पण फलंदाज हुकला म्हणजे तो बाद झाला नाही. माझ्या वहीत तिथे ठिपकाच पडतो. बाद व्हायला चेंडू बॅटच्या कडेपुरता वळावा लागतो, किंवा अजिबात न वळता सरळ आत यावा लागतो. हे दोन चेंडू एकाच टप्प्यावर, एकाच हालचालीतून टाकता आले की फलंदाजाला पुढे जावं की मागे हे ठरवता येत नाही. तो क्रीझमध्ये अडकतो. मग बॅट-पॅडचा झेल उडतो, आणि तिथे सोलकर उभा असतो.

शिवलकरांची ख्याती याच गोष्टीची होती. टप्पा आणि दिशा. खेळपट्टी मदत करो वा न करो, त्यांचा चेंडू तिथेच पडायचा. शिवाजी पार्क जिमखान्याच्या नेटमध्ये आणि कांगा लीगच्या चिखलात त्यांनी जे पक्कं केलं, ते चेपॉकवर आठशे मैलांवर येऊन बदललं नाही. तमिळनाडूने दोन डावांत काढलेल्या १४१ धावांपैकी शिवलकरांच्या गोलंदाजीवर निघाल्या ३४. एका बळीमागे तीनहून कमी. असा गोलंदाज फलंदाजाला श्वास घेऊ देत नाही. त्याच्यावर धाव निघत नाही म्हणून फलंदाज दुसऱ्या टोकाला धोका पत्करतो, आणि बळी दुसऱ्याच्या नावावर लागतो. सोलकरच्या पाच बळींतही शिवलकरांचा वाटा होता असं मी छातीठोकपणे म्हणेन.

याच मोसमात, जानेवारी १९७३ मध्ये, याच चेपॉकवर भारत आणि इंग्लंड यांच्यात कसोटी झाली. भारताने ती चार विकेट्सनी जिंकली. डावखुरा फिरकी गोलंदाज होता बिशनसिंग बेदी. त्याच्याबद्दल मला एक अक्षरही उणं बोलायचं नाही. तो जगातल्या सर्वश्रेष्ठांपैकी एक होता. मात्र त्याच मैदानावर, त्याच मोसमात, दुसऱ्या डावखुऱ्या फिरकी गोलंदाजाने १३ बळी घेतले, आणि देशाला एका वेळी एकच डावखुरा फिरकी गोलंदाज लागतो म्हणून तो बाहेर राहिला. हरियाणाच्या राजिंदर गोयल यांचंही तेच झालं. रणजीत ६३७ बळी, आणि कसोटी एकही नाही. सुनील गावसकरांनी आपल्या आवडत्या खेळाडूंवर पुस्तक लिहिलं तेव्हा त्यात जगभरच्या कसोटीपटूंच्या बरोबरीने शिवलकर आणि गोयल या दोघांना जागा दिली. दोघांच्या गोलंदाजीसमोर स्वतः उभ्या राहिलेल्या फलंदाजाचा तो निवाडा आहे. मला त्याहून मोठं प्रशस्तिपत्र माहीत नाही.

इथे मला जगाच्या दुसऱ्या टोकाकडे बघावंसं वाटतं. ऑस्ट्रेलियात क्वीन्सलँड आणि न्यू साऊथ वेल्स या दोन राज्यांत रग्बी लीगची मालिका होते. तिचं नाव स्टेट ऑफ ओरिजिन. पूर्वी खेळाडू ज्या राज्याच्या क्लबकडून खेळतो त्याच राज्याकडून तो उतरायचा. सिडनीचे क्लब श्रीमंत. ते क्वीन्सलँडची पोरं विकत घ्यायचे आणि तीच पोरं स्वतःच्या राज्याविरुद्ध उभी राहायची. न्यू साऊथ वेल्स जिंकत राहायचं आणि लोकांचा रस आटत चालला होता. १९८० साली नियम बदलला: खेळाडू जिथे मोठा खेळ पहिल्यांदा खेळला, त्या राज्याचा. त्या वर्षी ८ जुलैला ब्रिस्बेनच्या लँग पार्कवर आर्थर बीटसन आपल्या राज्याचा कर्णधार म्हणून उतरला आणि क्वीन्सलँडने २०-१० असा विजय मिळवला. आता तीन सामन्यांची मालिका असते, आणि पहिले दोन वाटून गेले की तिसऱ्यासाठी सगळा देश टीव्हीपुढे बसतो. तिथे राज्याकडून खेळणं हे देशाकडून खेळण्याची पायरी समजलं जात नाही. तेच शिखर आहे असं मानणारे लाखो लोक आहेत. निर्णायक सामन्यात राज्यासाठी उत्तम खेळलेल्या माणसाला कोणी विचारत नाही की पुढे काय झालं.

आपल्याकडे मात्र आपण विचारतो. रणजी करंडकाला आपण पायरी केलं. अंतिम सामन्यात कोणी शतक काढलं की पहिला प्रश्न येतो, निवड समितीने पाहिलं का? शिवलकरांबद्दल बोलताना तर सुरुवातच तिथून होते. ३ मार्च २०२५ रोजी ते गेले. त्यांच्याबद्दल जे जे छापून आलं त्यात बहुतेक ठिकाणी पहिल्या-दुसऱ्या वाक्यातच होतं की ते भारताकडून खेळू शकले नाहीत. जे घडलं नाही ते वर आणि जे घडलं ते खाली. १२४ प्रथम श्रेणी सामने, ५८९ बळी, सरासरी २० च्या आत, मुंबईची एवढी विजेतेपदं, सत्तेचाळिसाव्या वर्षी निवृत्तीतून परत येऊन मुंबईसाठी पुन्हा हातात घेतलेला चेंडू, २०१७ साली मिळालेला सी. के. नायुडू जीवनगौरव. हे सगळं त्या एका ‘नाही’च्या सावलीत वाचलं जातं.

मला हे मान्य नाही, आणि माझा आधार चेपॉकचा हा सामना आहे. त्या दिवशी मैदानात काय नव्हतं? राज्याराज्यांतली देशातली सर्वोच्च स्पर्धा होती आणि तिचा अंतिम सामना होता. चौदा वर्षांची साखळी पणाला लागली होती. घरच्या मैदानावर, घरच्या लोकांसमोर खेळणारा प्रतिस्पर्धी होता आणि त्याचा कर्णधार स्वतः कसोटीतला फिरकी गोलंदाज होता. भारताचा कर्णधार शिवलकरांच्या हाती चेंडू देत होता, भारताचा सर्वोत्तम क्षेत्ररक्षक त्यांच्यासाठी शॉर्ट लेगला वाकून उभा होता. क्रिकेटमध्ये माणसाची परीक्षा घ्यायला याहून अधिक काही लागत नाही. त्या परीक्षेत त्यांनी ३४ धावांत १३ बळी घेतले. ही कामगिरी स्वतःच पूर्ण आहे. तिला आणखी कशाची जोड लागत नाही.

साखळी पुढच्याच वर्षी तुटली. १९७३-७४ च्या उपांत्य सामन्यात बेंगळुरूला कर्नाटकने मुंबईला पहिल्या डावात मागे टाकलं. विश्वनाथ आणि ब्रिजेश पटेल यांनी शतकं काढली, प्रसन्नाने गावसकरचा त्रिफळा उडवला, वाडेकर धावबाद झाला. म्हणजे मुंबईच्या पंधरा वर्षांच्या राज्यातला शेवटचा विजय चेपॉकवरचा. तमिळनाडूला करंडक परत मिळायला १९८७-८८ पर्यंत थांबावं लागलं. तो त्यांनी याच मैदानावर रेल्वेला हरवून जिंकला. मुंबईच्या नावावर आज ४२ विजेतेपदं आहेत, पण एवढी सलग साखळी पुन्हा कोणाला जमली नाही, मुंबईलाही नाही. आता ती जमेलसं वाटतही नाही, आणि त्यात वाईट काही नाही. विदर्भासारखा संघ तीनदा विजेता होतो, केरळ अंतिम सामन्यापर्यंत येतो. राज्यांचं क्रिकेट खरोखर राज्याराज्यांत पोहोचल्याची ती खूण आहे.

मला काळजी आहे ती वेगळीच. या सामन्यांच्या वह्या कोण सांभाळतं? कसोटीचा प्रत्येक चेंडू आज कुठे ना कुठे नोंदलेला आहे. रणजीच्या जुन्या सामन्यांचे मात्र बऱ्याचदा नुसते धावफलक हाती लागतात. चेंडूचेंडूची वही हवी असेल, कोणत्या षटकात काय झालं, किती निर्धाव षटकांनंतर विकेट पडली, कोण कोणाला किती चेंडू खेळला हे बघायचं असेल, तर ती वही कोणातरी स्कोअररच्या कपाटात असते. कपाटाला वाळवी लागते. मद्रासच्या दमट हवेत कागद दोन पावसाळ्यांत पिवळा पडतो. इथे लिहिताना मी मनगटाखाली रुमाल धरतो तो घामाने आकडे पुसू नयेत म्हणून. क्रिकेट संघटनांकडे पैसा आहे, जागा आहे. आपापल्या राज्याच्या जुन्या स्कोअरबुकांचं जतन करणं हे त्यांचं पहिलं कर्तव्य आहे, आणि ते आज करता येण्यासारखं आहे. मुंबई आणि तमिळनाडू या दोघांनी मिळून याच सामन्यापासून सुरुवात केली तर ती शोभेल, कारण यात दोघांनाही अभिमानाने सांगण्यासारखं काही आहे: एकाला १३ बळी, दुसऱ्याला पहिली हॅटट्रिक.

माझ्याकडे लीगच्या सामन्यांना शाळकरी मुलं येतात. त्यांना स्कोअरिंग शिकवताना मी हा सामना फळ्यावर मांडतो. तमिळ मुलं कल्याणसुंदरम आणि कुमार यांची नावं लिहून घेतात, मी त्यांच्याकडून शिवलकरांचंही लिहून घेतो. वर १९३४ चे राम सिंग, १९५२ चे विनू मांकड, खाली १९७३ चे शिवलकर. नावापुढे बळी, त्यापुढे धावा. मैदान चेपॉक. कोणी विचारलं की शिवलकर किती कसोटी खेळले, तर मी खरं उत्तर देतो, आणि लगेच सांगतो की तो आकडा या तक्त्यात येत नाही. गोलंदाजाची ओळख लिहिताना आधी त्याने टाकलेल्या चेंडूंचा हिशोब लिहायचा. शिवलकरांच्या बाबतीत तो हिशोब ३४ धावांत १३ बळी इथून सुरू व्हायला हवा.